कपड्यांचा हिशोब

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचे शब्दांकन)

आज मी पिलार मिरो या स्पॅनिश दिग्दर्शिकेबद्दल बोलणार आहे. ती नुसती सिनेमे काढून थांबली नाही. तिने सरकारी पद घेतलं, सत्ता वापरली. सत्तेतल्या बाईकडे समाज कसा पाहतो, हे तिच्या आयुष्यात स्पष्ट दिसतं.

तिचा जन्म १९४० साली माद्रिदमध्ये झाला. यादवी युद्ध नुकतंच संपलं होतं, फ्रँकोची हुकूमशाही सुरू झाली होती. त्या राजवटीत लग्न झालेल्या बाईला नोकरी करायची तर नवऱ्याची परवानगी लागे. ही अट १९७५ साली गेली. घटस्फोटाचा हक्क तर थेट १९८१ साली मिळाला. अशा देशात पिलार विशीत सरकारी टेलिव्हिजनमध्ये शिरली आणि तिथे कथात्मक कार्यक्रम दिग्दर्शित करणारी पहिली बाई ठरली.

१९७९ साली तिने ‘एल क्रिमेन दे कुएन्का’ हा चित्रपट केला. घटना खरी आहे. १९१० साली एक मेंढपाळ नाहीसा झाला. त्याच्या खुनाच्या आरोपावरून दोघांना पकडलं. प्रेत सापडलेलं नसताना सिव्हिल गार्ड या निमलष्करी पोलिसांनी अतोनात छळ करून कबुलीजबाब घेतले. १९१८ साली दोघांना अठरा वर्षांची शिक्षा झाली. आणि १९२६ साली ‘मेलेला’ मेंढपाळ जिवंत सापडला!

पिलारने हा छळ जसाच्या तसा दाखवला. सेन्सॉरशिप १९७७ सालीच उठली होती, लोकशाही राज्यघटना आली होती. तरीही चित्रपट अडवला गेला आणि पिलारवर लष्करी न्यायालयात खटला भरण्यात आला. नंतर कायदा बदलला, प्रकरण मुलकी न्यायालयाकडे गेलं आणि मिटलं. ऑगस्ट १९८१ मध्ये चित्रपट लागला, तेव्हा लोकांनी प्रचंड गर्दी केली.

त्याच वर्षी फेब्रुवारीत तिला मुलगा झाला. तिचं लग्न झालेलं नव्हतं. मुलाचा बाप कोण, हे तिने जाहीरपणे कधीच सांगितलं नाही.

याच सुमारास, १९८० साली, तिचा गॅरी कूपरचं नाव शीर्षकात असलेला चित्रपट आला. त्यातली आंद्रेया टेलिव्हिजनवर दिग्दर्शिका आहे. जिवावरची शस्त्रक्रिया समोर असताना ती आई, प्रियकर, जुने मित्र यांच्याकडे जाते. जो तो आपापल्या कामात. पिलारच्या स्वतःच्या हृदयावरही मोठ्या शस्त्रक्रिया झाल्या होत्या. कर्तबगार बाईचा एकटेपणा ती कुठलीही रडारड न करता दाखवते.

१९८२ च्या अखेरीस समाजवादी सरकारने तिला चित्रपट विभागाची महासंचालक केलं. पुढच्या वर्षी तिने नवा नियम आणला: चांगल्या पटकथेला चित्रीकरणाआधीच सरकारी अनुदान मिळायचं. त्यामुळे दर्जा सुधारला असं काहीजण म्हणाले. चित्रपटांची संख्या घटली, मर्जीतल्यांना पैसा मिळाला, अशी टीकाही झाली. ही टीका कामावरची होती, म्हणून रास्त होती.

१९८६ साली ती सरकारी रेडिओ-टेलिव्हिजनची प्रमुख झाली. त्या पदावरची ती पहिली बाई. संस्थेच्या पैशातून कपडे आणि भेटवस्तू घेतल्याचा आरोप तिच्यावर झाला. तिने पैसे परत केले आणि जानेवारी १९८९ मध्ये राजीनामा दिला. १९९२ साली न्यायालयाने तिला निर्दोष सोडलं. सार्वजनिक पैशाचा हिशोब बाईनेही दिलाच पाहिजे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पण तिच्या कारकिर्दीतले निर्णय बाजूला पडले आणि चर्चा झाली ती कपड्यांची.

ती घरी बसली नाही. १९९६ साली तिने लोपे दे वेगाचं सतराव्या शतकातलं पद्यनाटक पडद्यावर आणलं, तेही पद्य तसंच ठेवून. आपल्या चिटणिसावर प्रेम बसलेल्या सरदारघराण्यातल्या बाईची ही गोष्ट. त्याला सात गोया पारितोषिकं मिळाली. सर्वोत्कृष्ट दिग्दर्शनाचं गोया मिळवणारी पिलार ही पहिली बाई. ऑक्टोबर १९९७ मध्ये, बार्सेलोनातल्या राजघराण्यातल्या लग्नाचं थेट प्रक्षेपण तिने केलं. त्यानंतर पंधरा दिवसांनी हृदयविकाराने ती गेली. वय ५७.

मैत्रिणींनो, सरपंच, अधिकारी, संघटनेची अध्यक्ष अशा पदांवर आता बाया येताहेत. त्यांना जाब विचारायचा आहेच. पण आपण विचारतो तो जाब कामाचा असतो, की साडीचा, नवऱ्याचा, घरी परतायच्या वेळेचा? यावर आता तुम्ही बोला.