घरात माणसं किती?

(किनवट तालुक्यातील वाड्या आणि पोडांवर कुटुंब-सर्वेक्षणासाठी आलेल्या नांदेड व लातूर येथील समाजशास्त्र आणि माध्यमशास्त्राच्या विद्यार्थ्यांपुढे प्रशिक्षणाच्या पहिल्या दिवशी केलेले भाषण, थोडे संक्षिप्त करून.)



तुमच्या हातात फॉर्म दिलेला आहे. नमुना निवड, प्रश्नावली, मुलाखत या गोष्टी तुम्ही वर्गात शिकून आला आहात. त्या परत सांगण्यात वेळ घालवत नाही. फॉर्मवरच्या पहिल्या प्रश्नापासून सुरू करतो. ‘घरात माणसं किती?’ सगळ्यांत सोपा वाटणारा प्रश्न.

३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीचा भूकंप झाला तेव्हा मी लातूरला कॉलेजात होतो. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी. गणपती बोळवून लोक उशिरा निजले आणि चार वाजायच्या आत घरं अंगावर आली. मातीत रचलेल्या दगडांच्या जाड भिंती, वर माळवदाचं ओझं. लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यांत मिळून सुमारे आठ हजार माणसं गेली. पुढं काही आठवड्यांनी आम्हा विद्यार्थ्यांना पत्र्याच्या शेडमध्ये राहणाऱ्यांची माहिती गोळा करायला पाठवलं. एका शेडमध्ये म्हातारी बसली होती. मी विचारलं, “आजी, घरात माणसं किती?” ती म्हणाली, “पाच.” मी पाच लिहिलं. पुढचे प्रश्न झाले. उठताना आत पाहिलं तर तिच्याशिवाय फक्त एक सात-आठ वर्षांची नात. “बाकीचे कुठं गेलेत?” म्हणून विचारलं, तर तिनं जुन्या गावाच्या पांढरीकडं हात केला.

खाडाखोड केलेले फॉर्म चालणार नाहीत, असं आम्हाला बजावलेलं होतं. मी विशीतला पोरगा. तो पाचचा आकडा तसाच पुढं गेला. निघताना आजी म्हणाली, “मागं आलेल्या पोरांनी बी हेच लिव्हून नेलं. ते कागद कुठं गेले?” मला सांगता आलं नाही.

बऱ्याच वर्षांनी याच किनवट भागात याच्या उलट चूक माझ्या हातून झाली. एका संस्थेच्या अभ्यासासाठी मी कोलामांच्या पोडावर गेलो होतो. कोलाम घरात कोलामी बोलतात. ती मराठीसारखी नाही. गोंडी-तेलुगूच्या कुळातली भाषा आहे. मला ती येत नव्हती. एक शाळकरी मुलगा दुभाषा म्हणून घेतला आणि बायांना नवऱ्यादेखत विचारलं, “लेकरं किती?” कुणी दोन सांगितली, कुणी तीन. ‘मृत बालके’ या रकान्यात सगळीकडं रेघ आली. त्या पोडावर बालमृत्यू नाहीत, असं आमच्या अहवालात छापलं गेलं. मला त्याचा आनंदही झाला होता, हे सांगायला हवं. नंतर माझी एक सहकारी तिथल्या सुईणीजवळ दोन दिवस राहिली. सुईणीनं बोटं मोडत सांगितलं, होळीला कुणाचं झालं, पोळ्याच्या आधी कुणाचं गेलं. अहवाल तोवर वाटून झाला होता.

बाया खोटं बोलल्या नव्हत्या. लेकरं किती, याचा अर्थ आता मांडीवर, अंगणात आहेत ती किती. शिवाय बारा-तेरा वर्षांच्या पोरासमोर कुठली आई गेलेल्या बाळाचं बोलेल? म्हणून तुमच्या फॉर्मवर तो एक प्रश्न फोडून अनेक केले आहेत. तुमच्याजवळ राहणारी मुलं किती, मुली किती. दुसरीकडं राहणारी किती. जन्मून नंतर गेलेली किती. आणि शेवटी, जन्मल्यावर रडलं किंवा हाललं, पण जगलं नाही असं कुणी होतं का? हा शेवटचा प्रश्न राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणातही असतो. तो गाळू नका, आणि घाईनं विचारू नका. तो बाईनं बाईलाच विचारायचा, पुरुष आणि पोरं बाजूला असताना.

अशा न मोजलेल्या मृत्यूंचं काय होतं? रकान्यात रेघ असली की तिथं परिचारिका वाढत नाही, गाडी पोचत नाही. २००१ साली ‘सर्च’चे डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या पुढाकारानं राज्यातल्या १३ स्वयंसेवी संस्थांनी ‘कोवळी पानगळ’ हा अहवाल काढला. आपापल्या गावांत कार्यकर्त्यांनी जन्म आणि बालमृत्यू मोजले होते, आणि ते सरकारी नोंदींपेक्षा कितीतरी जास्त निघाले. मोठी खळबळ उडाली. पुढं राज्य सरकारनं डॉ. अभय बंग यांच्याच अध्यक्षतेखाली बालमृत्यू मूल्यमापन समिती नेमली. शासनाकडं चांगली पद्धत नाही असं मात्र नाही. महानिबंधकांच्या नमुना नोंदणीत गावातला एक माणूस वर्षभर जन्म-मृत्यू टिपत राहतो, आणि दर सहा महिन्यांनी दुसराच माणूस, पहिल्याची वही न बघता, घरोघर फिरतो. दोन्ही याद्या ताडून बघतात. जे नाव एकीत आहे आणि दुसरीत नाही, त्या घरी पुन्हा जातात. आपणही यंदा तसंच करणार आहोत. तुमच्या फेरीनंतर दुसरी जोडी जाईल. तुमच्यावर विश्वास नाही म्हणून नव्हे. माझ्यावरचा उडाला आहे म्हणून म्हणा.

आता भाषेचं. किनवट तालुका १९५६ पर्यंत हैदराबाद संस्थानाच्या, नंतर राज्याच्या, आदिलाबाद जिल्ह्यात होता. त्या जिल्ह्यात १९४० साली जोडेघाटला कुमराम भीम पोलिसांच्या गोळीनं मारले गेले. गोंड एवढे का उठले, हे निजाम सरकारला कळेना. ख्रिस्टोफ फॉन फ्युरर-हायमेनडॉर्फ हे ऑस्ट्रियन मानववंशशास्त्रज्ञ युद्धामुळं हैदराबाद संस्थानात अडकले होते, कारण पासपोर्ट जर्मन. त्यांनी पत्नी बेटी यांच्यासह मारलवाईला गोंडांमध्येच घर केलं, गोंडी शिकले. त्यांना आढळलं ते असं की पिढ्यान्‌पिढ्या कसलेली जमीन कागदावर गोंडांच्या नावे नव्हतीच, आणि कागद करून घेणारे बाहेरचे लोक ती बळकावत होते. पुढं हजारो कुटुंबांना पट्टे मिळाले, मारलवाईला गोंडीतून शिकवणारे शिक्षक तयार झाले. ते निजामाच्या नोकरीतही होते आणि त्यांचं सगळंच मला पटतं असं नाही. पण ते तिथं राहिले. आपल्याजवळ तेवढे दिवस नाहीत, निदान गोंडी-कोलामी जाणारा प्रौढ सोबती प्रत्येक गटात ठेवला आहे. त्याला आधी प्रश्न समजावून सांगा आणि त्याचं तुम्ही ऐका.

हा इतिहास आणखी एका कारणानं सांगितला. संमतीपत्रावर अंगठा मागितला की माणूस मागं सरतो. त्याच्या आज्यानं अंगठा दिला होता आणि शेत गेलं होतं. तेव्हा संमती तोंडी घ्या, सोबत्यासमोर, आणि तुम्ही सही करा. कुणी नाही म्हटलं तर राम राम करून पुढं व्हा.

काही किरकोळ गोष्टी, पण आकडे यांनीच बिघडतात. वय विचारलं की लोक चाळीस, पन्नास, साठ असं सांगतात. तुम्ही घटनांवरून काढा. पोलीस ॲक्शनला, म्हणजे १९४८ ला, चालत होता का? बहात्तरच्या दुष्काळात खडी फोडायला गेली होती का? किल्लारीचा भूकंप झाला तेव्हा थोरली पोटात होती का? कुलूप लावलेलं घर दिसलं तर शेजारचं घर त्याच्या जागी भरू नका. दिवाळीनंतर कुलूप बहुधा ऊसतोडीला किंवा दुसऱ्या कामाला बाहेर गेलेल्यांचं असतं. ती घरं वगळली की गाव कागदावर आपोआप सुखवस्तू होतं. ‘कुलूप’ असंच लिहा, किती दिवसांपासून ते विचारा. आपण त्या घरांसाठी परत येणार आहोत.

माध्यमशास्त्राच्या मुलांनी कॅमेरे आणले आहेत. पहिले दोन दिवस ते पिशवीत राहतील. हाडं निघालेल्या लेकराचा फोटो नावगावासकट छापायचा नाही, मग आपल्या या त्रैमासिकाला कितीही हवा असो. संपादकांसमोरच सांगतो आहे.

आणि फॉर्मवर खाडाखोड चालेल. चूक कळली की एक रेघ मारा, बाजूला नवा आकडा आणि तुमची सही. माघ महिन्यात प्रत्येक पोडावर जाऊन निघालेले आकडे त्यांच्या भाषेत वाचून दाखवायचे आहेत, आणि लोक ‘हे चूक आहे’ म्हणाले तर तिथंच दुरुस्त करायचे आहेत. छपाई त्यानंतर. तुमच्यापैकी किती जण तेव्हा परत येऊ शकतील, ते आजच लिहून द्या.

उद्या पहाटे पाचला जीप निघेल. कापूस वेचायला माणसं बाहेर पडायच्या आत पोचायचं आहे. आता फॉर्म उघडा, पान दोन.