जुन्या मोटारीस पंप बसवावा काय?



दोन वर्षांपूर्वीं आमच्या घरीं एका पंपावरून वाद उत्पन्न झाला. आमच्या पिंपळगाव बसवंतला पंप म्हटला म्हणजे विहीर, द्राक्षाची बाग आणि विजेचें वेळापत्रक हींच माणसाच्या डोळ्यांपुढें उभीं राहतात. परंतु हा पंप विहिरीवरचा नव्हे, मोटारीच्या एंजिनाचा. आजोबांनीं घेतलेली टी नमुन्याची फोर्ड मोटार आमच्या छपरींत अद्याप उभी आहे, आणि चालतेहि. तिच्या एंजिनांत पाणी आहे, पाण्यास थंड करणारा रेडिएटर आहे. मात्र तें पाणी फिरविणारा पंप नाहीं. तो बसवावा असें माझ्या धाकट्या भावाचें म्हणणें. बसवूं नये असें माझें.

वादास कारणहि तसेंच घडलें होतें. माघ महिन्यांत जुन्या मोटारींच्या एका मेळाव्यासाठीं आम्हीं ती मुंबईस नेली. परत येतांना कसारा घाटांत, निम्मा चढ शिल्लक असतां, पुढून वाफेचा लोट उठला. भावानें घाईघाईनें रेडिएटरचें झाकण काढलें. उकळतें पाणी उसळून त्याचा उजवा तळहात भाजला, व पुढें पंधरा दिवस त्यास डाव्या हातानें जेवावें लागलें. हात बरा होतांच त्यानें पहिलें काम केलें तें पंप मागविण्याचें. अशा माणसाशीं केवळ परंपरेच्या नांवानें वाद घालणें बरें नव्हे, हें मला कळत होतें. म्हणून मूळ प्रश्न असा घेतला कीं, पंपावांचून हें पाणी आजवर फिरलें तरी कसें?

त्याचें उत्तर आपल्या न्हाणीघरांतल्या तांब्याच्या बंबांत आहे. बंबाच्या नरसाळ्यांत थंड पाणी ओतलें कीं तें तळाशीं जातें, आणि वरच्या तोटींतून कढत पाणी बाहेर येतें. तापलेलें पाणी हलकें होऊन वर राहतें, गार पाणी जड म्हणून खालीं बसतें. हल्लीं पुष्कळ घरांच्या गच्चीवर दिसणारा सौर बंबहि याच न्यायानें चालतो. त्याची टांकी तापणाऱ्या नळ्यांच्या वरच्या अंगास ठेवलेली असते ती त्यासाठींच. मोटारींतहि हेंच घडतें. एंजिनांत तापलेलें पाणी वरच्या नळींतून रेडिएटरच्या माथ्यावर जातें, तेथून बारीक नळ्यांतून उतरतां उतरतां वाऱ्यानें निवतें, आणि खालच्या नळीनें पुन्हा एंजिनांत शिरतें.

यामागची शक्ति किती अल्प आहे तें पाहा. ६० अंश उष्णतेच्या एक लिटर पाण्याचें वजन सुमारें ९८३ ग्रॅम भरतें. तेंच ९० अंशांवर ९६५ ग्रॅम होतें. फरक १८ ग्रॅमांचा, म्हणजे जुन्या मापानें जेमतेम दीड तोळा! या दीड तोळ्याच्या बळावर वीस अश्वशक्तीचें एंजिन थंड राहतें. त्यांतहि खुबी अशी कीं, एंजिन जितकें अधिक तापेल तितका हा फरक वाढतो, आणि पाणी आपण होऊनच अधिक वेगानें फिरूं लागतें. सांगणारा कोणी नाहीं, झिजणारा भागहि नाहीं.

पंपाची कल्पना फोर्डला सुचली नव्हती असें मात्र कोणी समजूं नये. १९०८ सालीं ही गाडी निघाली तेव्हां पहिल्या सुमारें अडीच हजार गाड्यांना पंप होता. पुढें फोर्डनेंच तो काढून टाकला, आणि १९२७ सालापर्यंत दीड कोटीच्या वर गाड्या पंपावांचून बनविल्या. ही माहिती माझ्या हातीं लागली तेव्हां वाद जिंकला असें मला वाटलें. परंतु भावानें लगेच विचारलें, "मग त्याच फोर्डनें पुढच्या ए नमुन्याच्या गाडीला पंप कां लावला?" प्रश्न रास्त होता. त्या गाडीची शक्ति चाळीस अश्वांची, म्हणजे दुप्पट. एंजिन जोरकस झालें, गाडी वेगवान झाली. दीड तोळ्याचा भार तेथें पुरा पडेना. तेव्हां पंप ही वाईट वस्तु आहे असें मुळींच नाहीं. ज्या एंजिनाची रचना पंप धरून केली आहे त्याचा तो प्राण आहे. आमचा प्रश्न एवढाच होता कीं, ज्याची रचना पंप सोडून केली आहे, त्यास तो लावल्यानें नेमकें काय साधेल?

आतां घाटांत काय होतें तें पाहूं. चढावर गाडी खालच्या गतींत टाकावी लागते. एंजिन धडधडून फिरतें, उष्णता भरपूर निघते. परंतु गाडीचा वेग बैलगाडीहून थोडाच अधिक, म्हणून समोरचा वारा कमी. पंप पाण्याला जोरानें फिरवील हें खरें. पण उष्णता शेवटीं बाहेर न्यावयाची ती वाऱ्यानेंच. रेडिएटरच्या नळ्या बुजलेल्या असतील, पंख्याचा पट्टा सैल असेल, किंवा ठिणगी उशिरां पडत असल्यामुळें एंजिन नाहक तापत असेल, तर पंप बसविणें म्हणजे आग सोमेश्वरीं आणि बंब रामेश्वरीं! अपाय याहून मोठा आहे. पंपाच्या जोरावर सपाट रस्त्यावर गाडी बरी चालेल, मूळचा रोग झांकला जाईल, आणि एखाद्या मोठ्या चढावर तो एकदम उघडा पडेल. शिवाय पंपाचें पॅकिंग गळूं लागतें, त्याचा दांडा झिजतो. नसलेल्या अवयवाचीं दुखणीं नव्यानें पदरीं पडतात.

म्हणून ठरलें कीं, आधीं रोग शोधावा. एंजिन तापवून, पंखा थांबल्यावर आम्हीं रेडिएटरच्या पाठीवरून जपून हात फिरविला. सर्व अंग सारखें तापलेलें असावयास हवें होतें. परंतु खालच्या बाजूस तीन ठिकाणीं तें थंडगार लागलें. तेथें पाणी पोंचतच नव्हतें. रेडिएटर उतरवून, उलटा करून, खालून वर पाणी सोडलें, तेव्हां तपकिरी चिखल आणि पांढऱ्या क्षारांच्या खपल्या बाहेर पडल्या. विहिरीचें जड पाणी वर्षानुवर्षें आम्हींच त्यांत ओतलें होतें. बागेच्या ठिबक नळ्यांत क्षार सांचतात म्हणून आम्हीं त्या नेमानें धुतों. गाडीच्या नळ्या मात्र घरांतल्या एकालाहि आठवल्या नाहींत. ठिणगीची वेळहि मागें पडली होती, ती नीट केली. आतां गाडीसाठीं पावसाचें पाणी गाळून, भरून ठेवतों.

आणखी एक गोष्ट त्या वेळीं उमगली. पंपावांचून चालणाऱ्या गाडींत पाण्याची पातळी वरच्या नळीच्या तोंडाखालीं गेली कीं फेरा तुटतो, आणि मग तें दीड तोळ्याचें बळ फुकट जातें. घाटांत आमचें झालें तें हेंच. वास्तविक थोडें पाणी उकळणें हें संकट नसतें. एक ग्रॅम पाण्याची वाफ होतांना तें सुमारें ५४० उष्मांक घेऊन जातें. उकळणें ही एंजिनाची शेवटची ढालच म्हणावी. ढाल झिजते आहे हें पाहून वेळींच थांबावें, एंजिन निवूं द्यावें, मग झाकणावर जाड फडकें टाकून तें हळू सैल करावें आणि पाणी भरावें. हें आम्हीं केलें असतें तर हात भाजता ना.

कायद्याचीहि एक बाजू आहे. २०२१ सालीं केंद्र सरकारनें पन्नास वर्षांवरील जुन्या मोटारींच्या नोंदणीचे नियम केले. सांगाडा, बाह्य शरीर किंवा एंजिन यांत मोठा फेरफार न होतां मूळ स्वरूपांत राहिलेल्या गाडीलाच तो मान मिळतो. चार स्क्रूंनीं बसणारा पंप मोठा फेरफार ठरेल कीं नाहीं, हें तपासणाऱ्यानें ठरवावें. पण नियमामागचा हेतु मला पटतो. ही गाडी आपली असली तरी ती एका काळाचीहि साक्ष आहे, आणि साक्षीदाराच्या तोंडीं आपण शब्द घालूं नयेत.

मार्गशीर्षांत, पहाटेच्या थंडींत, चांदवडपुढचा राहूड घाट उतरून आम्हीं पुन्हा चढलों. पाणी उकळलें नाहीं. भाऊ म्हणाला, "थंडींत कोणीहि उत्तीर्ण होईल." म्हणून चैत्रांत, भर दुपारीं, पुन्हा तोच घाट चढलों. माथ्यावर पोंचतां पोंचतां थोडी वाफ आली. थांबलों, तांब्याभर पाणी घातलें, आणि घरीं परतलों. त्या दिवशीं झाकण भावानेंच उघडलें, फडकें टाकून.

पंप अद्याप फळीवर आहे. मीं तो परत पाठविण्याचा आग्रह धरला नाहीं. कसाऱ्याहून इगतपुरीस चढणारी आगगाडी पाहा. तेथील चढ सदतीस फुटांस एक फूट असा आहे. म्हणून घाटापुरतीं मागून इंजिनें लावतात, आणि वर आल्यावर तीं सोडून देतात. आगगाडी होती तशीच पुढें जाते. कधीं फार लांबच्या चढाचा योग आलाच, तर पंप असाच लावावा. कोठें भोंक पाडूं नये, कांहीं कापूं नये, काढलेला प्रत्येक तुकडा जपून ठेवावा, आणि घरीं आल्यावर गाडी आजोबांनीं ठेवली होती तशी करावी. परंतु त्याआधीं रेडिएटरवरून एकदां हात फिरवावा. आमच्या गाडीला पंपाची उणीव नव्हती. उणीव होती ती आमच्या लक्षाची.