पडद्यावरची पहिली स्त्रीपार्टी



स्त्रीपार्टी म्हणजे काय हे मालवणात सांगावयास नको. जत्रेच्या रात्री देवळापुढे दशावतारी उभे राहिले, की दिवसा शेतात राबणारा गडी तोंडाला रंग लावून, लुगडे नेसून राणी होऊन येतो, आणि वनवासाचा प्रसंग आला की मागे बसलेल्या म्हाताऱ्या डोळ्यांना पदर लावतात. तो पुरुष आहे हे आपणांस ठाऊक असते. तरी आपण ते विसरतो, कारण तो बोलतो. हाती लिहिलेली संहिता नसते. पण पहाटे दहीकाला होईपर्यंत तो केवळ वाणीने आपणांस जागेवर खिळवून ठेवतो. आज आम्ही ज्या नटाविषयी बोलणार आहोत, त्याला एक शब्दही बोलावयाचा नव्हता.

1912 साली दादासाहेब फाळके दादरला ‘राजा हरिश्चंद्र’ काढीत होते. हरिश्चंद्राला दत्तात्रय दाबके मिळाले, रोहिदासाला घरचाच मुलगा भालचंद्र. तारामती मात्र मिळेना. जाहिराती झाल्या, नायकिणींची मनधरणी झाली. कॅमेऱ्यापुढे यावयास कोणी तयार होईना. अखेर ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात काम करणारा, नाजूक बांध्याचा आणि नाजूक हातांचा अण्णा साळुंके फाळक्यांच्या नजरेस पडला. पगार दहा रुपये होता, फाळक्यांनी पंधरा देऊ केले, अशी हकीकत सांगतात. पाच रुपयांच्या फरकाने हिंदी चित्रपटसृष्टीला पहिली नायिका मिळाली! 3 मे 1913 रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये ती लोकांपुढे आली.

त्याच वर्षी गंधर्व नाटक मंडळीही निघाली. बालगंधर्वांना गळा होता, पदे होती. साळुंक्यांना मान, डोळे आणि पदर यांवरच भागवावयाचे होते. जपानातही त्या काळी काबुकीतले पुरुष पडद्यावर स्त्रिया होत, तेव्हा यात आपल्याकडचेच काही मागासलेपण होते असे समजण्याचे कारण नाही.

बरे, स्त्रिया लगेच आल्या. ‘मोहिनी भस्मासुर’ 1913 चाच, आणि त्यात दुर्गाबाई कामत व त्यांची मुलगी कमलाबाई, दोघींनी कामे केली. तरी 1917 च्या ‘लंकादहना’त सीता पुन्हा साळुंकेच, आणि रामही तेच! आपल्याकडची ही पहिली दुहेरी भूमिका मानतात. सीता अशोकवनात, राम समुद्राच्या अलीकडे. कथेतलीच ही ताटातूट कॅमेऱ्याच्या पथ्यावर पडली असणार. राम पडद्यावर दिसला की प्रेक्षक पायांतल्या वहाणा काढीत, असे सांगतात.

या चित्रपटाविषयी बोलताना सीतेच्या दंडाचे स्नायू दिसतात म्हणून हसण्याची रीत पडली आहे. आम्हांला हे हसणे पटत नाही. ज्या हातांच्या नाजूकपणासाठी माणूस निवडला, ते पाच वर्षांत थोडे भरले, एवढाच अपराध! आणि त्याच दंडांना समोरच्या माणसांनी नमस्कार केला होता. वहाणा काढणाऱ्यांची दृष्टी काही अधू नव्हती. जत्रेला राणीचे मनगट पाहत बसणारा आपल्यातही एखादा असतोच; त्याला आपण काय म्हणतो ते येथे बोलत नाही.

साळुंके पुढे कॅमेऱ्यामागे गेले आणि छायाचित्रणाचे काम करू लागले. तोंडाला रंग लावून सुरुवात केलेल्या नटाने यंत्र शिकून घ्यावे, हे आम्हांला त्या दुहेरी भूमिकेहून कमी वाटत नाही. पण लोकांना आठवते ती सीता.

त्यांच्या कामाचे आज थोडे तुकडेच उरले आहेत. ‘राजा हरिश्चंद्र’चा एक तुकडा आहे: हौदात तारामती आणि सख्या पाणी उडवीत आहेत, राजा तिला बोलवावयास येतो. ओली लुगडी अंगाला चिकटलेली, सगळेच पुरुष. आमची फार इच्छा आहे, की आपल्या दशावतारी मंडळींना एकदा तो तुकडा दाखवावा, आणि आपण मागे बसून ते आपापसांत काय बोलतात ते ऐकावे.