किती पडले आणि कुठे अडलं

(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यात केलेलं भाषण, किरकोळ दुरुस्त्यांसह.)



"शिक्षणावर दोन शब्द बोल," असं समितीने सांगितलं तेव्हा मी आधी नाहीच म्हटलं. ज्यांनी आपल्याला शिकवलं ते पहिल्या रांगेत बसलेले असताना मी शिक्षणावर काय बोलणार? मी संगणकावर काम करणारी बाई. मुलांना शिकवणं हा माझा प्रांत नाही. तपासणं मात्र आहे. गेली वीसेक वर्षं मी रोज कुणाचं ना कुणाचं काम तपासते, आणि माझंही काम रोज कुणीतरी तपासतं. शिवाय आपल्यापैकी बऱ्याच जणांच्या घरी आत्ता आठवी ते बारावीतलं कुणीतरी आहे, आणि आपल्यातले काही जण स्वतःच शिक्षक झालेत. म्हणून विषय घेतला मूल्यमापनाचा. साध्या भाषेत, पेपर तपासण्याचा.

या मेळाव्याची यादी आपण दहावीच्या निकालपत्रकावरून केली. 'दहावीची बॅच' म्हटल्यावर तेच हाताशी येतं. मग शाळेच्या ऑफिसात आठवीचा जुना हजेरीपट सापडला आणि समितीने दोन्ही याद्या शेजारी ठेवल्या. अकरा नावं आठवीत होती आणि दहावीत नव्हती. दोघांच्या वडिलांची बदली झाली होती, एकीची शाळा घरच्यांनी सोडवली होती. उरलेले आठ जण नववीत नापास झाले होते. फोन शोधून शोधून त्यांना निरोप दिले. त्यातल्या एकाने विचारलं, "मी कुठे तुमच्या बॅचचा?" आठ वर्षं एका वर्गात, एका बाकावर बसलेला माणूस हे विचारतो! आज त्यांच्यापैकी पाच जण इथे आलेत, याचा मला फार आनंद आहे.

नववीत चाळणी लावायची पद्धत त्या काळी बहुतेक गावांत होती. दहावीच्या निकालाची टक्केवारी पेपरात छापून यायची, शाळेचं नाव तिच्यावर ठरायचं. त्यामुळे कच्ची मुलं आधीच्या वर्गात थांबवली जायची. तो प्रश्न आज उकरायचा नाही. मला वेगळंच विचारायचंय. या आठ जणांना नेमकं काय येत नव्हतं, हे कुठे लिहिलेलं होतं का?

आपलं प्रगतिपुस्तक आठवा. घटक चाचणी, सहामाही, वार्षिक असे रकाने. पस्तिसाच्या खालचा आकडा लाल शाईत. खाली शेरा, "अभ्यासात लक्ष द्यावे." त्याखाली पालकांची सही. नापास झालेल्या मुलाला पुढच्या वर्षी तेच पुस्तक, तोच वर्ग, आणि एक वर्षाने लहान मुलं शेजारी. आमचा एक मित्र, त्याच्या परवानगीने सांगते, परवा म्हणाला, "मला अपूर्णांक पाचवीपासून कळले नव्हते. नववी दोनदा केली. दोन्ही वर्षी कुणी अपूर्णांक शिकवले नाहीत, कारण नववीच्या पुस्तकात ते नव्हतेच." आज तो फॅब्रिकेशनचं वर्कशॉप चालवतो. आठ सूत म्हणजे एक इंच, हे तो टेपवर शिकला आणि अपूर्णांक तिथे त्याच्या हातात आले. गणितातल्या बावीस गुणांनी त्याला, त्याच्या घरच्यांना आणि सरांना एवढंच कळवलं की तो नापास आहे. अपूर्णांकांपाशी गाडी अडली आहे, हे त्या बावीसमध्ये कुठेच नव्हतं.

आता माझ्या कामातलं सांगते. आम्ही प्रोग्रॅम लिहिला की दुसरा सहकारी तो ओळ न् ओळ वाचतो. याला कोड रिव्ह्यू म्हणतात. त्यात गुण नसतात. "शंभरपैकी बासष्ट" असं लिहून कुणी मला माझं काम परत दिलं तर मी त्याचं काय करू? तो लिहितो, "यादी रिकामी आली तर इथे बंद पडेल." मी ती ओळ दुरुस्त करते, तो पुन्हा बघतो, आणि मगच काम पुढे जातं. हे सगळं माल ग्राहकाकडे जाण्याच्या आधी होतं, म्हणूनच त्याचा उपयोग. नंतर सापडलेली चूकही सापडलेलीच असते, पण तोवर नुकसान होऊन गेलेलं असतं.

हे काही कंपन्यांनी शोधून काढलेलं नाही. आपल्या बाई वहीच्या समासात असंच लिहायच्या. माझ्या बीजगणिताच्या वहीत एकदा लिहिलं होतं, "कंस सोडवताना वजा चिन्ह फक्त पहिल्या पदाला लावतेस. पुढची पाच उदाहरणं पुन्हा कर." त्या चाचणीत मला किती गुण पडले ते आज आठवत नाही. ते वाक्य आठवतं.

मूल्यमापनाच्या शास्त्रात या दोन प्रकारांना वेगवेगळी नावं आहेत. शिकणं चालू असताना, ते सुधारण्यासाठी केलेलं ते आकारिक मूल्यमापन. शिकून झाल्यावर, किती आलं ते ठरवण्यासाठी केलेलं ते संकलित मूल्यमापन. हा फरक मायकेल स्क्रिवेन या अभ्यासकाने १९६७ साली मांडला. पुढे १९८८ साली रुथ बटलर यांचा इस्रायलमधल्या शाळकरी मुलांवरचा एक अभ्यास प्रसिद्ध झाला. काही मुलांना त्यांच्या कामावर फक्त गुण दिले, काहींना फक्त लेखी अभिप्राय दिला, आणि काहींना दोन्ही दिलं. फक्त अभिप्राय मिळालेल्या मुलांचं पुढचं काम सुधारलं आणि त्यांची गोडीही टिकली. दोन्ही मिळालेल्या मुलांना तसा फायदा झाला नाही. आपल्याला हे नवल वाटू नये. पेपर हातात आला की आपण आधी काय बघायचो? कोपऱ्यातला आकडा. मग शेजाऱ्याचा आकडा. आणि मग पेपर दप्तरात.

आकड्यावर आपला विश्वास मात्र दांडगा. म्हणून हे जरा बघा. आपल्या राज्याचा दहावीचा निकाल २०१८ साली ८९.४१ टक्के होता. २०१९ साली तो ७७.१० टक्क्यांवर आला. २०२० साली ९५.३० टक्के. एका वर्षात राज्यातली मुलं बारा टक्क्यांनी ढ झाली आणि पुढच्याच वर्षी हुशार झाली, असं तर कुणी म्हणणार नाही. २०१९ साली अभ्यासक्रम नवा होता आणि भाषा विषयांचे वीस अंतर्गत गुण काढून टाकले होते. पुढच्या वर्षी ते परत आले. २०२१ साली कोरोनामुळे परीक्षाच झाली नाही. नववीचा निकाल आणि दहावीचं अंतर्गत मूल्यमापन धरून निकाल लावला, तो ९९.९५ टक्के लागला. माप बदललं की आकडा बदलतो, हे आम्हा इंजिनिअर मंडळींना पहिल्या वर्षी शिकवतात. त्याच आकड्यावरून आपण मूल कसं आहे ते ठरवतो.

यावर उपाय म्हणून कायदा झाला. २००९ चा शिक्षण हक्क कायदा १ एप्रिल २०१० पासून लागू झाला. आठवीपर्यंत कुणाला त्याच वर्गात ठेवायचं नाही, असं त्याच्या कलम १६ मध्ये होतं. ते घराघरांत पोचलं. कलम २९ मध्ये मुलाच्या आकलनाचं सातत्यपूर्ण आणि सर्वंकष मूल्यमापन करायला सांगितलं होतं, ते फारसं पोचलं नाही. लोकांनी अर्थ लावला, "आता परीक्षाच नाही, ढकलत राहायचं." खरं म्हणजे काम वाढलं होतं. आपल्या राज्याने २०१० पासून जी पद्धत आणली तिच्यात दैनंदिन निरीक्षण, तोंडी काम, प्रात्यक्षिक, उपक्रम, प्रकल्प, चाचणी, स्वाध्याय अशी साधनं होती, आणि प्रत्येक मुलाची वर्णनात्मक नोंद लिहायची होती.

कागदावर ही पद्धत उत्तम आहे. पण वर्गात साठ मुलं, शिवाय निवडणुकीची कामं, माहितीचे तक्ते. आपल्या शिक्षक मित्राने मला त्याचा मोबाइल दाखवला. त्यावर तयार नोंदींची फाइल होती. "वर्गकार्यात उत्साहाने सहभागी होतो." "स्वतःचे मत ठामपणे मांडतो." उचला आणि चिकटवा. तो म्हणाला, "मला मुलाबद्दल लिहायचंय गं, पण वेळ कुठाय?" मी त्याला काही बोलले नाही. वेळ न देता मागितलेली नोंद अशीच होणार. शेवटी 'अभ्यासात लक्ष द्यावे' गेलं आणि त्याच्या जागी त्याहून लांब वाक्य आलं.

२०१९ साली कायदा बदलला. पाचवी आणि आठवीला परीक्षा घ्यायची आणि नापास झालेल्या मुलांना थांबवायची मुभा राज्यांना मिळाली. महाराष्ट्राने २०२३ च्या डिसेंबरात तसं ठरवलं. नापास झालेल्या मुलाला आधी पुरवणी परीक्षा, त्यातही जमलं नाही तर तोच वर्ग. यावर दोन्ही बाजूंनी जोरात वाद होतात. मला विचाराल तर थांबवणं आणि ढकलणं, दोन्हींत एकच प्रश्न राहून जातो. मुलाचं अडलंय कुठे? ते शोधून शिकवलं नाही, तर आमच्या मित्रासारखं दोनदा नववीत बसवा किंवा न बसवता थेट दहावीत पाठवा, अपूर्णांक जिथल्या तिथेच.

अडलंय कुठे ते शोधणं फार अवघड नसतं. मुंबईच्या वस्त्यांमधून काम सुरू केलेल्या 'प्रथम' या संस्थेचं 'असर' सर्वेक्षण तुम्ही ऐकलं असेल. २००५ पासून ते गावागावांत होतंय. त्यातली वाचनाची चाचणी एका पानाची आहे. अक्षरं, शब्द, एक छोटा परिच्छेद आणि एक गोष्ट. एका मुलाशेजारी एक माणूस बसतो आणि वाचून घेतो. मूल शब्द वाचतं पण परिच्छेदात अडतं, हे काही मिनिटांत कळतं. मग शिकवायचं कुठून तेही कळतं. गणिताचंही तसंच. अंक ओळखणं, हातच्याची वजाबाकी, भागाकार. इथे मूल पास की नापास, हा प्रश्नच येत नाही.

मी परीक्षांच्या विरोधात नाही. साडेसातशे गुणांची परीक्षा आपण दिली, तिच्यामुळे आपल्यापैकी अनेकांना पुढची दारं उघडली. प्रवेशासाठी, नोकरीसाठी कुठलं तरी माप लागणारच. पण वर्षाच्या शेवटचं एक माप आणि वर्षभराची समासातली वाक्यं, या दोन्हींची कामं वेगळी आहेत. पहिल्यावर आपण खूप खर्च करतो, दुसऱ्यावर जवळजवळ काहीच नाही.

शेवटी एक प्रस्ताव मांडते. आपण माजी विद्यार्थी दरवर्षी दहावीच्या पहिल्या तिघांना रोख बक्षिसं देतो. ती राहू देत. पण तेवढीच रक्कम आणि गावात राहणाऱ्या सहा-सात जणांचा शनिवारचा दीड तास आपण आठवीसाठी काढू या. वर्षाच्या सुरुवातीला एकेका मुलाशेजारी बसायचं, वाचून घ्यायचं, चार उदाहरणं करून घ्यायची. प्रत्येकाबद्दल दोन वाक्यं लिहायची, कुठे अडलं आणि आधी काय शिकवावं. ती वाक्यं मुलाला आणि त्याच्या शिक्षकांना द्यायची. फळ्यावर लावायची नाहीत, ग्रुपवर टाकायची नाहीत. शिक्षकांवर यातलं लिखाणाचं ओझं नको, ते आपण उचलू. बाहेरगावी आहोत ते पैसे देऊ आणि सुट्टीत येऊन बसू. "त्यासाठी एक अ‍ॅप बनव," असं मला आत्ताच दोघांनी सांगितलंय. तूर्त दोनशे पानी वही पुरेल.

आमच्या वर्कशॉपवाल्या मित्राने अपूर्णांकांचा भाग स्वतःकडे घेतलाय. टेप घेऊन येतो म्हणालाय. मुख्याध्यापक बाईंशी बोलणं झालंय, त्यांची तयारी आहे. जेवणानंतर समितीची बैठक आहे. ज्यांना यात यायचंय त्यांनी नाव द्या, आणि ज्यांना हे पटलेलं नाही त्यांनी जरूर येऊन सांगा, कुठे अडलंय ते.