अटकेपूर्वीचा जामीन



चवदार तळे सर्वांस खुले, असा ठराव महाडच्या नगरपालिकेने १९२४ मध्येच केला होता. तरी २० मार्च १९२७ रोजी डॉ. आंबेडकरांबरोबर ते पाणी प्यालेल्यांपैकी अनेकांना त्याच दिवशी मार खावा लागला. कागदावरचा हक्क बजावणाऱ्याच्या वाट्याला काय येते, हे आपल्या जिल्ह्याने तेव्हाच पाहिले.

१९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याच्या १८ व्या कलमाने अटकपूर्व जामिनाची वाट बंद केली, ती अशाच अनुभवातून. मोकळा आरोपी फिर्यादीला धमकावू शकतो. २० मार्च २०१८ रोजी, योगायोगाने त्याच तारखेस, महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ही बंदी सैल केली. संसदेने त्याच वर्षी १८-अ हे कलम घालून ती पुन्हा आवळली. २०२० मध्ये न्यायालयाने हे कलम मान्य केले. मात्र फिर्यादीत प्रथमदर्शनी गुन्हाच दिसत नसेल, तर ही बंदी लागू नाही, असेही सांगितले.

खोट्या फिर्यादीला भिणाऱ्यास एवढा आधार पुरेसा आहे, असे आम्हांस वाटते. खऱ्या फिर्यादीला मात्र कायद्याखेरीज शेजाऱ्याची साक्षही लागते. ती आपण देणार आहोत काय?