धुऱ्याचा अर्ज आणि नागपूरचे न्यायालय

सावली तालुका हा धानाचा मुलूख आहे. आसोलामेंढा तलावाचे पाणी ज्या बांध्यांतून फिरते, तेथे दोन खातेदारांमधला धुरा हीच खरी सरहद्द असते. तो हातभर सरकला तरी एका घरचे धान कमी होते. त्याची मोजणी व्हावी म्हणून शेतकरी भूमी अभिलेखाच्या कार्यालयात शुल्क भरून अर्ज करतो. घरपट्टीच्या नोंदवहीत नवऱ्याच्या जागी आपले नाव चढावे म्हणून विधवा ग्रामपंचायतीत किंवा नगरपंचायतीत अर्ज देते. पुष्कळदा त्यानंतर काहीच घडत नाही, आणि हे 'काहीच न घडणे' हाच आजच्या विवेचनाचा विषय आहे.

नकार परवडला, तो लेखी असतो, त्याला कारण द्यावे लागते, त्यावर अपील चालते. मौनावर अपील कोणी कोठे करावे? मोजणीदार अपुरे आहेत, हे कारण पुढे केले जाते आणि ते खोटे नाही. परंतु 2024 मध्ये मोजणीचे जुने प्रकार जाऊन नियमित व द्रुतगती असे दोन प्रकार आले, आणि द्रुतगतीला शुल्क अधिक आहे. म्हणजे मनुष्यबळाचा तुटवडा पैसेवाल्याला कमी बाधतो!

या मौनावर राज्यघटनेच्या 226 व्या कलमात उपाय आहे. कायद्याने सोपविलेले कर्तव्य अधिकारी पार पाडीत नसेल, तर उच्च न्यायालय त्याला परमादेश देऊ शकते. सावलीकरांसाठी ते म्हणजे नागपूर खंडपीठ. मात्र या आदेशाविषयी भ्रम नसावा. धुरा कोठे आहे हे खंडपीठ ठरवीत नाही. अमुक आठवड्यांत अर्जाचा कायद्यानुसार निकाल लावा, एवढेच ते बहुधा सांगते. भांडण शेजाऱ्याशीच असेल तर वाट दिवाणी न्यायालयाची. तेथे कोर्ट कमिशनर नेमून जागेची मोजणी करवून घेता येते. हा भेद न उमगल्यामुळे चुकीच्या दारात वर्षे जातात. तसेच करनोंदीत नाव चढले म्हणजे मालकी सिद्ध झाली, असेही नव्हे.

उशीर अर्जदाराकडूनही होऊ नये. 'विचार करा' अशा निरुपद्रवी दिसणाऱ्या आदेशांतून शिळे दावे पुन्हा जिवंत होतात, असा इशारा सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये सी. जेकब यांच्या प्रकरणात दिला आहे. शिवाय खंडपीठ प्रथम विचारते ते हेच, की जवळचा उपाय वापरला काय? तो 2015 च्या महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियमात आहे. सेवा त्याखाली अधिसूचित असेल, तर मुदत टळताच पहिले व दुसरे अपील खात्यातच करता येते, तिसरे आयोगापुढे; आणि कसूरदार अधिकाऱ्यास 500 ते 5000 रुपये दंड होऊ शकतो. त्यासाठी अर्जाची तारीखवार पोच हाती हवी. पोच मागितली की कारकुनाच्या कपाळाला आठी पडते. ती पडू द्यावी.

राहिला खर्च. सावलीहून नागपूर दीडशे किलोमीटरांपलीकडे आहे. एका तारखेला जाणे म्हणजे मजुरी बुडणे आणि वर प्रवासभाडे. 1987 च्या विधि सेवा प्राधिकरण कायद्यान्वये स्त्रिया, अनुसूचित जाती व अनुसूचित जमाती यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. आदिवासी आणि दलित वस्तीच्या या तालुक्यात ही तरतूद गावोगाव सांगितली गेली पाहिजे. एकाच गावचे दहा अर्ज अडले असतील, तर दहा जणांनी पोच व अपिलांच्या प्रती एकत्र घेऊन विधि सेवा समितीकडे जावे. एकट्याला टोलविणे सोपे जाते.

एक गोष्ट वकिलांच्या ध्यानी सहसा येत नाही. खंडपीठाने दिलेले आठवडे जूनअखेर सुरू झाले, तर बांध्यांत चिखल असतो आणि रोवणी चालू असते. साखळी टाकायची कोठे? धान निघाल्यापासून पुढचा पाऊस येईपर्यंतच शेत मोजणीला मोकळे असते. म्हणून याचिका दिवाळीच्या सुमारास दाखल व्हावी, आणि मोजणीचा दिवस पावसापूर्वीचा नेमून द्यावा, ही विनंती त्या याचिकेतच लिहिलेली असावी.