फरीदसाहेबांच्या गावात आपले स्वागत



ओटीटी आणि समाजमाध्यमांवरची परिषद मिरजेत कशाला, असे एका पाहुण्यांनी फोनवर विचारले. सविस्तर उत्तर द्यायला माईक हवा होता. तो आज हाती आला आहे.

1905 साली बालगंधर्व 'शाकुंतल'मध्ये पहिल्यांदा रंगमंचावर उभे राहिले ते इथे. बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांपाशी विष्णु दिगंबर पलुस्कर गाणे शिकले तेही इथेच. अब्दुल करीम खाँसाहेब मीरासाहेबांच्या दर्ग्यात गात आणि तिथेच ते चिरविश्रांती घेत आहेत. हे आपण जाणताच. पण फरीदसाहेब सतारमेकर हे नाव किती जणांनी ऐकले आहे? हे मूळचे शिकलगार, हत्यारांना धार लावणारे. एकोणिसाव्या शतकात हत्यारांचे काम सरले, तेव्हा या कारागिराने भोपळा हाती घेतला आणि सतार घडवली. त्यांच्या वारसांची सतारमेकर गल्ली आजही गजबजलेली आहे. मिरजेच्या सतारीला आणि तानपुऱ्याला 2024 मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. देशातले थोर गवई इथल्या तानपुऱ्यांवर गायले. मैफलीत टाळी मात्र गवयाला. तारांना झंकार देणारी जवारी कोणी काढली, हे कोण विचारतो?

इथेच आपल्या विषयाशी माझी गाठ पडते. करमणूक आखूड झाली, अशी ओरड मी ऐकतो. खाँसाहेबांची ध्वनिमुद्रिकाही तीन मिनिटांचीच होती, आणि यूट्यूबच्या शॉर्ट्सची मर्यादाही 2024 पासून तीन मिनिटांचीच आहे. तेव्हा लांबीची मला धास्ती नाही. धास्ती आहे ती नावांची. मालिकेचा भाग संपतो, श्रेयनामावली सुरू होते न होते तोच पुढचा भाग लागतो. ध्वनी, संकलन, रंगभूषा करणारे सगळे आजचे फरीदसाहेबच. रीलवर तर चाल कोणाची, हेही कळत नाही. यावर आपण तज्ज्ञांनी बोलावे. मी अडाणी माणूस.

आता क्षमायाचना. निवासाच्या खोल्या थोड्या लांब आहेत, रिक्षांची सोय केली आहे. सभागृहात मोबाईलला रेंज कमी येते. या परिषदेला हे शोभत नाही, पण व्याख्याने नीट ऐकली जातील. जेवण साधे आहे, तिखट मात्र आमच्या पद्धतीचे. वीज गेलीच तर जनरेटर येईपर्यंत सांभाळून घ्यावे.

हळदीचे व्यापारी, द्राक्ष बागायतदार, मंडपवाले, केटरर, वाद्यांचे दुकानदार, सतरंज्या देणारी मंडळे आणि शाळेच्या बाकांपासून पाण्याच्या जारपर्यंत सारे वाहून आणणारी पोरे यांचे मी मनापासून आभार मानतो. देणगीदारांची पूर्ण यादी दारापाशी लावली आहे. तिथे थांबून वाचावी, ही विनंती.

आणि घरी गेल्यावर मालिका पाहाल, तेव्हा शेवटची नावे पुढे ढकलू नका. एकदा तरी वाचा.